टायमिंग कव्हर : तपासणी आणि बदल



आजचा पाठ इंजिनाच्या अशा भागावर आहे, ज्याचं नाव गाडीच्या जाहिरातीत कधीच येत नाही. तो भाग म्हणजे टायमिंग कव्हर, इंजिनाच्या तोंडावरचं झाकण.

आमच्या शाळेतून चौथी पास होऊन गेलेली बरीच मुलं पुढे आयटीआयला ‘मेकॅनिक मोटर व्हेईकल’ या ट्रेडला जातात. काही थेट गॅरेजमध्ये हाताखाली लागतात. ती भेटली की एक प्रश्न हमखास येतो : “सर, इंजिनाच्या पुढून ऑईल गळतंय. कव्हर बदलून टाकू का?” या एका प्रश्नाचं उत्तर म्हणजे आजचा पाठ. उत्तर थोडक्यात असं : आधी बघा, मग कारण ठरवा आणि मगच पाना हातात घ्या.

हे एवढं महत्त्वाचं का? कारण गॅरेजमध्ये येणारी गाडी नुसती गाडी नसते. ती कुणाची वडाप जीप असते, कुणाची भाड्याची टॅक्सी असते, तिच्यावर घर चालत असतं. चुकीचं निदान झालं तर दोन दिवसांचा धंदा बुडतो, पैसे जातात आणि गळती तशीच राहते.

१. ‘टायमिंग’ म्हणजे नेमकं काय?

चार स्ट्रोकच्या इंजिनात सक्शन, कॉम्प्रेशन, पॉवर आणि एक्झॉस्ट अशा चार क्रिया होतात. त्या पूर्ण व्हायला क्रँकशाफ्टचे दोन फेरे लागतात. या दोन फेऱ्यांत प्रत्येक व्हॉल्व्ह एकदाच उघडायचा असतो. व्हॉल्व्ह उघडण्याचं काम कॅमशाफ्ट करतो. म्हणजे क्रँकचे दोन फेरे झाले की कॅमचा एकच फेरा व्हायला हवा.

हे साधण्यासाठी दोघांना दातेरी चाकं बसवतात. क्रँकच्या चाकाला २० दाते असतील, तर कॅमच्या चाकाला ४०. ही चाकं रबरी दातेरी पट्ट्याने म्हणजे टायमिंग बेल्टने, किंवा लोखंडी साखळीने म्हणजे टायमिंग चेनने जोडलेली असतात.

आता एक छोटं गणित. क्रँक मिनिटाला ३००० फेरे फिरत असेल, तर कॅम फिरतो १५०० फेरे. म्हणजे एक व्हॉल्व्ह मिनिटाला १५०० वेळा, सेकंदाला २५ वेळा उघडतो आणि मिटतो. एवढ्या घाईत पट्टा एक-दोन दाते सरकला तरी ताळमेळ बिघडतो, ताकद कमी होते, इंजिन थरथरतं. पट्टा तुटलाच, तर अनेक इंजिनांत वर येणारा पिस्टन उघड्या राहिलेल्या व्हॉल्व्हला धडकतो. व्हॉल्व्ह वाकतात, पिस्टनला खड्डे पडतात, हेड खाली उतरवावं लागतं.

हा सगळा नाजूक ताळमेळ ज्याच्या आड चालतो, तेच टायमिंग कव्हर.

२. कव्हर दोन, कामं वेगळी

हा पाठाचा गाभा आहे, म्हणून सावकाश वाचा. दोन्ही झाकणांना आपण ‘टायमिंग कव्हर’च म्हणतो, पण त्यांची कामं निरनिराळी आहेत.

*पट्ट्याचं कव्हर.* रबरी पट्टा कोरडा चालतो. त्याला तेल चालत नाही, तेलाने रबर फुगतं आणि दाते सुटतात. म्हणून हे कव्हर बाहेरची घाण आत येऊ देत नाही. धूळ, चिखलाचं पाणी, खडी, चाकाकडून उडणारी माती हे सगळं ते अडवतं. बहुतेक वेळा ते प्लास्टिकचं असतं आणि कडेला रबराची किंवा फोमची पट्टी असते. १९८३ च्या डिसेंबरात आलेली मारुती ८०० आठवा. तिच्या ७९६ सीसीच्या तीन सिलिंडरच्या इंजिनात पट्टाच होता. रेनॉ डस्टरच्या १.५ लिटर डिझेल इंजिनातही पट्टा आहे.

*साखळीचं कव्हर.* साखळी लोखंडाची, तिला सतत तेल लागतं. म्हणून हे कव्हर आतलं तेल बाहेर जाऊ देत नाही. ते ॲल्युमिनियमचं ओतीव किंवा पत्र्याचं दाबून केलेलं असतं आणि पॅकिंग किंवा सिलिकॉन लावून घट्ट बसवलेलं असतं. जुन्या अँबॅसिडरच्या इंजिनात साखळी होती. अलीकडच्या मारुतीच्या के-सिरीज इंजिनांत आणि स्विफ्टच्या १.३ लिटर डिझेलमध्येही साखळी आहे. कित्येक इंजिनांत तर ऑईल पंप या कव्हरमध्येच बसवलेला असतो. म्हणजे ते नुसतं झाकण राहत नाही, ती इंजिनाची एक भिंतच होते.

मुलांना मी असं सांगतो : पट्ट्याचं कव्हर म्हणजे पिठाच्या डब्याचं झाकण, बाहेरचं आत जाऊ नये म्हणून. साखळीचं कव्हर म्हणजे तेलाच्या बरणीचं झाकण, आतलं बाहेर सांडू नये म्हणून.

याला अपवाद आहेत. फोर्डच्या सुरुवातीच्या १.० लिटर इकोबूस्ट इंजिनात खास प्रकारचा पट्टा तेलातच चालतो. म्हणून आपल्यासमोरच्या इंजिनात काय आहे, हे कंपनीच्या मॅन्युअलमध्ये बघूनच कामाला लागायचं.

३. उघडण्याआधीची तपासणी

आधी सुरक्षितता. इंजिन पूर्ण थंड झालेलं असावं. बॅटरीची निगेटिव्ह वायर काढावी. गाडीखाली जायचं असेल तर नुसत्या जॅकवर विसंबू नये, खाली मजबूत स्टँड लावावेत आणि चाकांना अडण द्यावी. गरम रेडिएटरचं झाकण उघडू नये.

आता ‘इंजिनाचा पुढचा भाग’ कोणता ते ओळखा. जिथे पुली आणि फॅनबेल्ट असतात तो इंजिनाचा पुढचा भाग. इंजिन आडवं बसवलेलं असेल, तर हा ‘पुढचा’ भाग गाडीच्या एका बाजूला, चाकाकडे तोंड करून असतो. नवीन मुलं इथे गोंधळतात.

गळती शोधताना एक नियम पाठ करून ठेवा : थेंब जिथे पडतो, तिथे गळती असेलच असं नाही. तेल उतारावरून खाली येतं आणि गाडी पळताना वारा त्याला मागे ढकलतो. म्हणून सगळ्यांत खालचा ओला भाग बघून निर्णय घेऊ नका. सगळ्यांत *वरचा* आणि सगळ्यांत *पुढचा* ओला भाग शोधा.

पायऱ्या अशा :

१) बॅटरी काढण्याआधी, इंजिन बंद आणि थंड असताना, टॉर्च लावून निरीक्षण करा. टॅपेट कव्हरच्या कडेपासून सुरुवात करून खाली या. अनेकदा टॅपेट कव्हरचं पॅकिंग गेलेलं असतं आणि तेल टायमिंग कव्हरवरून ओघळत येतं. दोष वरच्याचा आणि शिक्षा खालच्याला, असं होता कामा नये.

२) बोटावर थेंब घेऊन ओळखा. तपकिरी-काळं आणि बुळबुळीत असेल तर इंजिन ऑईल. हिरवं, गुलाबी किंवा निळं आणि पाण्यासारखं पातळ असेल तर कूलंट. पुष्कळ इंजिनांत वॉटर पंप याच बाजूला असतो, त्यामुळे गळतंय ते पाणी असण्याची शक्यता धरूनच चालावं.

३) तो सगळा भाग डिग्रीजरने धुऊन पूर्ण कोरडा करा. त्यावर साधी टाल्कम पावडर हलकीशी भुरभुरवा. गाडी पंधरा-वीस मिनिटं चालवून आणा. इंजिन बंद करून पुन्हा टॉर्च लावा. पावडरवर ओली रेघ जिथून सुरू झाली, तिथे गळतीचा उगम.

४) क्रँक पुलीच्या मागे गोलाकार ओलं दिसलं आणि तेल चारी बाजूंना उडालेलं असलं, तर दोष बहुधा ऑईल सीलचा असतो, कव्हरचा नाही. काही इंजिनांत कव्हर न काढता, फक्त पुली उतरवून हे सील बदलता येतं.

५) पीसीव्ही व्हॉल्व्ह आणि त्याची नळी तपासा. सिलिंडरमधून निसटून खाली आलेली हवा या वाटेने बाहेर जाते. वाट तुंबली की क्रँककेसमध्ये दाब वाढतो आणि तो दाब कमजोर जागेतून तेल बाहेर ढकलतो. अशा वेळी नवं सील, नवं पॅकिंग टाकूनही काही दिवसांत गळती परत येते. मालक म्हणतो, मेकॅनिकने फसवलं. मेकॅनिक म्हणतो, सील डुप्लिकेट निघालं. खरं कारण त्या तुंबलेल्या नळीत असतं.

एवढं सगळं पाहूनही ओली रेघ कव्हरच्या सांध्यातूनच किंवा कव्हरला गेलेल्या तड्यातूनच निघत असेल, तरच कव्हर उतरवायचं.

४. पट्ट्याचं कव्हर : काय बघाल, कसं बदलाल

वरचं कव्हर काढायला सहसा सोपं असतं, चार-पाच छोटे बोल्ट किंवा क्लिपा. खालचं कव्हर क्रँक पुलीच्या मागे असतं. त्यासाठी फॅनबेल्ट आणि पुली उतरवावी लागते. काही गाड्यांत इंजिन माउंटिंगही सोडावं लागतं, तेव्हा इंजिनाखाली लाकडी ठोकळा ठेवून जॅकचा आधार द्यावा.

कव्हर हातात आल्यावर ते आधी *आतून* बघा :

- आतल्या बाजूला घासल्याच्या रेघा असतील, तर पट्टा सैल आहे किंवा कव्हर वाकडं बसलं होतं.
- कडा वितळलेल्या किंवा आकार वाकडा झालेला असेल, तर कव्हर बदला.
- बोल्टच्या भोकाजवळ तडा असेल, तर फेव्हिक्विक लावून भागवू नका. तुटलेला तुकडा पट्ट्यात अडकला तर पट्टा उडी मारेल.
- आत तेल दिसलं, तर ते कॅम किंवा क्रँकच्या सीलमधून आलेलं असतं. आधी सील बदला. तेलाने भिजलेला पट्टा पुसून परत वापरू नका, तोही बदला.
- आत पांढरट किंवा रंगीत सुकलेला डाग असेल, तर वॉटर पंपाकडे लक्ष द्या.
- काळी रबरी भुकटी जास्त असेल, तर पट्टा झिजतो आहे.

गॅरेजमध्ये एक वाईट सवय दिसते. एखादा बोल्ट हरवला किंवा खालचं कव्हर बसवायला वेळ लागतो, म्हणून “चालतंय की” म्हणत गाडी तशीच सोडतात. गाडी चालते, हे खरं. पण पावसाळ्यात कच्च्या रस्त्यावर एक बारीक खडा पट्टा आणि दातेरी चाक यांच्यामध्ये आला की काय होतं, ते आपण पहिल्या भागात पाहिलं. प्लास्टिकचा स्वस्त तुकडा वाचवण्यासाठी अख्खं हेड पणाला लावू नये.

शेवटचं महत्त्वाचं : कव्हर काढलंच आहे, तर पट्टा किती किलोमीटर चाललाय ते विचारा. बदलण्याचा आकडा प्रत्येक इंजिनाचा वेगळा असतो, मॅन्युअलमध्ये दिलेला असतो. किलोमीटर कमी झाले असले तरी वर्षं झाली की रबर जुनं होतं.

५. साखळीचं कव्हर : उतरवताना

हे काम मोठं आहे. एकट्या नवशिक्याने करू नये, उस्तादाच्या देखरेखीखाली करावं.

ऑईल काढून घ्या. वॉटर पंप कव्हरवर असेल तर कूलंटही काढा. फॅनबेल्ट आणि त्याचा ताणपट्टा उतरवा. पहिला सिलिंडर टीडीसीवर आणून खुणा जुळवा आणि मोबाईलवर फोटो काढून ठेवा. पुलीचा बोल्ट फार घट्ट असतो. तो सोडताना पुली धरायचं योग्य साधन वापरा. स्टार्टर मारून बोल्ट सोडायचा ‘शॉर्टकट’ कुणी दाखवला तर हात मागे घ्या, त्यात मनगटं मोडतात.

पुष्कळ इंजिनांत ऑईल चेंबरचे पुढचे बोल्ट कव्हरमध्येच आवळलेले असतात. ते सोडल्याशिवाय कव्हर निघत नाही. काही ठिकाणी पूर्ण चेंबर उतरवावा लागतो. कव्हरवर क्रँक सेन्सर असेल तर त्याची वायर आधी सोडा.

करून पहा : पुठ्ठ्याचा नकाशा. कव्हरचे बोल्ट एका लांबीचे नसतात. एका खोक्याच्या पुठ्ठ्यावर कव्हरचा आकार काढा. जिथला बोल्ट, तिथे भोक पाडून तो खोचा. वहीत आकृती काढायला शिकलेलं प्रत्येक मूल हे करू शकतं. लांब बोल्ट आखूड जागी गेला तर भोकाच्या तळाला टेकतो, वरून आवळल्यासारखा वाटतो, पण कव्हर सैलच राहतं. जास्त जोर दिला तर ॲल्युमिनियम फुटतं.

सगळे बोल्ट निघाले आणि तरी कव्हर हलत नसेल, तर पुठ्ठ्याकडे बघा, एखादा बोल्ट मागे लपलेला असेल. खात्री झाल्यावर, कंपनीने ठेवलेल्या खाचेतच हलकं उचकटा. सांध्यात स्क्रू ड्रायव्हर ठोकू नका. ॲल्युमिनियमवर पडलेला ओरखडा म्हणजे उद्याची गळती.

६. साफसफाई आणि आतली तपासणी

चेंबरचं तोंड उघडं असेल तर आधी त्यात स्वच्छ फडकं कोंबा. जुन्या सिलिकॉनचे तुकडे आत पडले तर ऑईल पंपाच्या जाळीत अडकतात आणि तेलाचा दाब कमी होतो.

प्लास्टिकच्या पट्टीने जुनं पॅकिंग खरवडा. फार जुन्या गाडीच्या पॅकिंगमध्ये ॲस्बेस्टॉस असू शकतं, म्हणून ते कोरडं घासून धूळ उडवू नका, ओलं करून काढा. शेवटी दोन्ही पृष्ठभाग क्लीनरने पुसून तेलाचा अंशही ठेवू नका. तेलकट जागेवर सिलिकॉन धरत नाही.

आता बघा :

- कव्हरच्या आत साखळी घासल्याची खोल खाच आहे का? असेल तर साखळी सैल झाली आहे, किंवा तिची गाईड तुटली आहे, किंवा टेन्शनर काम करत नाही. नवं कव्हर टाकून हा आजार बरा होत नाही.
- सरळ लोखंडी पट्टी कडेवर ठेवून खालून फीलर गेज सरकतो का बघा. सरकला तर कव्हर वाकलं आहे.
- पुलीच्या दांड्यावर सीलची कडा फिरून चर पडली आहे का? नखाला चर लागली तर नुसतं नवं सील टाकून गळती थांबणार नाही. त्यासाठी स्लीव्ह बसवावी लागते किंवा पुली बदलावी लागते.

७. बसवताना

नवं ऑईल सील कव्हरमध्ये सरळ, सगळीकडून सारखं दाबत बसवा. त्याच्या कडेची स्प्रिंग तेलाच्या बाजूला, म्हणजे आत यायला हवी. सीलच्या ओठाला थोडं इंजिन ऑईल लावा.

बोल्टच्या बंद भोकांत साचलेलं तेल काढून टाका. तेल दाबलं जात नाही, त्यामुळे बोल्ट आवळताना ते भोक फोडू शकतं.

सिलिकॉन लावायचं असेल तर बारीक, अखंड रेघ ओढा. बोल्टच्या भोकाजवळ ती रेघ भोकाच्या आतल्या बाजूने न्या. हेड आणि ब्लॉक जिथे भेटतात, ब्लॉक आणि चेंबर जिथे भेटतात, त्या तिठ्यावर थोडा जास्त ठिपका द्या. बहुतेक गळत्या या तिठ्यांवरूनच सुरू होतात. “जास्त लावलं तर जास्त पक्कं” हा गैरसमज आहे. जास्तीचं सिलिकॉन आत दाबलं जाऊन तेलाच्या वाटेत पडतं.

बोल्ट एकदम आवळू नका. सगळे हाताने लावा, मग मधून बाहेर, समोरासमोर, दोन-तीन टप्प्यांत टॉर्क रेंचने आवळा. टॉर्क म्हणजे बल गुणिले अंतर. लहान एम-६ बोल्टला साधारण १० न्यूटन-मीटर लागतो. पाव मीटर लांबीच्या पान्याच्या टोकाला ४० न्यूटन बल दिलं, तर ०.२५ × ४० = १०. म्हणजे टोकाला जेमतेम चार किलो वजन टांगल्याएवढा जोर. गॅरेजमध्ये मुलं याच्या तिप्पट जोर लावतात आणि मग आटे निघाले म्हणतात! नेमका आकडा आणि आवळण्याचा क्रम मॅन्युअलमधलाच घ्यावा.

पट्टा किंवा साखळी हलवली असेल, तर स्टार्टर मारण्याआधी क्रँक पान्याने दोन पूर्ण फेरे हाताने, फिरण्याच्या दिशेनेच फिरवा. खुणा पुन्हा जुळल्या पाहिजेत. मध्येच अडलं तर जोर लावू नका, थांबा.

८. गाडी परत देण्याआधी

सिलिकॉनच्या ट्यूबवर लिहिलेला वेळ जाऊ द्या, मगच ऑईल भरा. मालक घाई करतो, पण कारण समजावून सांगितलं तर थांबतो. फिल्टर नवा टाका. इंजिन सुरू केल्यावर ऑईलचा दिवा विझतो का बघा, घासण्याचा आवाज ऐका, सांध्यावरून कोरडा कागद फिरवा. मालकाला दोन-तीन दिवसांनी पुन्हा एकदा दाखवायला बोलवा.

लक्षात ठेवा

- पट्ट्याचं कव्हर घाण अडवतं, साखळीचं कव्हर तेल अडवतं.
- सर्वांत वरचा आणि पुढचा ओला भाग शोधा.
- कव्हर दोषी आहे हे सिद्ध झाल्याशिवाय ते उतरवू नका.
- प्रत्येक बोल्ट आपल्याच जागी, मापाच्याच जोराने.

स्वाध्याय

१) क्रँक मिनिटाला ४२०० फेरे फिरत असेल, तर एक व्हॉल्व्ह सेकंदाला किती वेळा उघडेल?
२) पट्ट्याच्या कव्हरमध्ये आतून तेल दिसलं, तर तुम्ही काय काय बदलाल? कारण लिहा.
३) नवं सील टाकूनही गळती परत आली. तपासणीत काय राहून गेलं असेल?
४) ०.५ मीटर लांबीच्या पान्याने १० न्यूटन-मीटर टॉर्क द्यायचा असेल, तर किती बल लागेल?
५) जवळच्या गॅरेजमध्ये जा, उस्तादांची परवानगी घ्या आणि बंद इंजिनाचा पुढचा भाग पाहून त्याची नावांसह आकृती काढा.

चौथीतलं मूलही पहिलं आणि चौथं गणित मोठ्यांच्या मदतीने सोडवू शकतं. घरी गाडी असेल तर आज बॉनेट उघडून मुलांना दाखवा, पण इंजिन बंद आणि थंड असतानाच.